चामड्याचे पाकीट घरी शिवण्याचा संच: सहा महिन्यांच्या वापरानंतरचा अभिप्राय

माझे आधीचे पाकीट चामडे फाटून नव्हे, तर शिवण उसवून निकामी झाले. घडीजवळचा एक टाका झिजून तुटला आणि पुढच्या काही आठवड्यांत त्याच्या शेजारचे टाके एकेक करून सुटत गेले. चामडे मात्र शेवटपर्यंत शाबूत होते. शिलाई यंत्राच्या टाक्यात वरचा आणि खालचा असे दोन वेगळे दोरे मध्यभागी एकमेकांत अडकलेले असतात, त्यामुळे एक तुटला की दुसऱ्याला धरून ठेवणारे फारसे काही उरत नाही. दोन सुयांनी घातलेल्या हाताच्या टाक्याचे तसे नसते, हे ऐकून माहीत होते. म्हणून नवे पाकीट विकत घेण्याऐवजी घरी पाकीट शिवण्याचा तयार संच मागवला, त्यातून एक दुघडी पाकीट पूर्ण केले, ते सहा महिने रोज वापरले आणि नंतर त्याच हत्यारांनी दुसरेही शिवले. विक्रेत्याचे नाव मी देत नाही, कारण असेच संच अनेक नावांनी विकले जातात आणि इथे लिहिलेले बहुतेक सगळे त्यांपैकी कोणताही संच पारखताना उपयोगी पडेल.

संच घेण्यासारखा आहे, पण जाहिरातीत ज्या गोष्टीवर भर दिला आहे तिच्यामुळे नाही. जाहिरात हत्यारांची संख्या मोजून दाखवते. माझ्या मते या संचाचे मोल एकाच निर्णयात आहे: चामड्याला भोके आधीच पाडून दिलेली नाहीत. पुष्कळ संचांमध्ये तुकडे कापलेले आणि भोके पाडलेली अशी सगळी तयारी करून मिळते, आणि आपण फक्त सुई आत-बाहेर करायची असते. संध्याकाळभरात पाकीट तयार होते खरे, पण भोकांची रेघ आखणे, छिन्नी सरळ धरणे, कोपऱ्यावर भोक नेमके कुठे यावे याचा हिशेब करणे, यांपैकी काहीच हाताला कळलेले नसते. शिवाय आधी पाडलेली भोके बहुधा गोल असतात, आणि गोल भोकात दोरा तिरका बसत नाही, त्यामुळे शिवण सपाट आणि निर्जीव दिसते. या संचातल्या छिन्नीचे दाते तिरपे आहेत. त्यांनी पाडलेल्या चिरेसारख्या भोकांत दोरा स्वतःहून कलतो आणि हातशिवणीची ती ओळखीची तिरकी ओळ तयार होते.

खोक्यात काय आहे ते थोडक्यात सांगते. बाहेरच्या अंगाचा एक मोठा तुकडा, आतले अस्तर, कार्डांच्या कप्प्यांचे चार तुकडे. दोन दात्यांची आणि चार दात्यांची अशा दोन छिन्न्या. बोथट टोकाच्या दोन सुया. मेण लावलेला पॉलिएस्टरचा ०.५५ मिलिमीटर जाडीचा पाच मीटर दोरा. पाण्यावर आधारलेल्या गोंदाची नळी. कडेचा काठ उतरवण्याचे छोटे हत्यार, लाकडी घोटणी, मधमाशीच्या मेणाची वडी, दोन प्रतींचा पॉलिशपेपर आणि एक पुस्तिका. हातोडी, खाली ठेवायचा फळा आणि चिकटवलेले तुकडे धरून ठेवणारे चिमटे नाहीत. हातोडी नायलॉनची किंवा लाकडाची घ्यावी, कारण लोखंडी हातोडीने छिन्नीचे डोके ठेचून पसरते. पुस्तिकेत हे लिहायला हवे होते.

आता चामड्याबद्दल, आणि इथे जरा थांबावे लागेल. बाहेरचा तुकडा वनस्पतींच्या सालींमधल्या आणि फळांमधल्या टॅनिनने कमावलेल्या चामड्याचा आहे, जाडी १.२ मिलिमीटर. पुस्तिकेत ती ‘३ औंस’ अशी दिली आहे. चामड्याच्या व्यवहारात एक औंस म्हणजे इंचाचा चौसष्टावा भाग, म्हणजे सुमारे ०.४ मिलिमीटर, हे माहीत नसेल तर हा आकडा वजनाचा वाटतो. तुकडा घट्ट आहे, गुळगुळीत बाजूवर जनावराच्या अंगावरच्या सुरकुत्यांच्या अगदी बारीक खुणा दिसतात, आणि नखाने दाबले की ठसा उमटतो. पोटाकडचे चामडे सैल आणि ताणले जाणारे असते. हे तसे नाही, हाताने ओढून पाहिले तर दोन्ही दिशांना फारसे हलत नाही. या तुकड्याबद्दल माझी काहीही तक्रार नाही. रोज हाताळलेल्या पाकिटाचा रंग सहा महिन्यांत फिकट पिवळसरावरून उबदार तपकिरीकडे गेला आहे, आणि तो जसा गेला आहे तसा कारखान्यातून रंगवून आणता आला नसता.

आतले तुकडे मात्र वेगळे निघाले. खोक्यावर ‘वनस्पतींनी कमावलेले खरे चामडे’ असे मोठ्या अक्षरात लिहिले आहे, पण ते वर्णन फक्त बाहेरच्या तुकड्याला लागू पडते. आतले तुकडे मऊ, लवचीक, रंगीत होते. शंका आली म्हणून एका कोपऱ्याची बारीकशी चिरोटी कापून काप पाहिला, तर मध्यभागी निळसर राखाडी रेघ होती. क्रोमियमच्या क्षारांनी कमावलेल्या चामड्याचा मूळ रंग निळसर असतो, आणि रंग आरपार मुरलेला नसला की कापात तो असा दिसतो. पाण्याच्या थेंबानेही फरक कळला: बाहेरच्या तुकड्याच्या मागच्या बाजूवर थेंब लगेच शोषला जाऊन गडद डाग पडला, आतल्या तुकड्यावर तो बराच वेळ मण्यासारखा बसून राहिला. या दुसऱ्या खुणेवर एकटीवर विसंबू नये, कारण कुठल्याही चामड्यावर लेप दिलेला असेल तर पाणी तरंगतेच.

क्रोमचे चामडे वाईट असते असे मला मुळीच म्हणायचे नाही. १८८४ मध्ये ऑगस्टस शुल्ट्झ यांनी अमेरिकेत त्या पद्धतीचे पेटंट घेतले, आणि पुढे जगातले बहुतांश चामडे याच रीतीने कमावले जाऊ लागले, याला कारण आहे: साली आणि फळांच्या अर्कात जे काम आठवडे किंवा महिने चालते ते क्रोमने फार थोड्या वेळात होते, आणि चामडे पाण्याला व उष्णतेला चांगले तोंड देते. बूट, पिशव्या, जाकिटे यांसाठी ते उत्तमच. अडचण अशी की त्याची कड घोटता येत नाही. वनस्पतींनी कमावलेल्या चामड्याची कड किंचित ओली करून लाकडाने जोरात घासली की घर्षणाच्या उष्णतेने तंतू दबून एकमेकांवर बसतात आणि कड चकचकीत, टणक होते. क्रोमच्या चामड्याचे तंतू दबतात आणि पुन्हा उसळून वर येतात. आता या संचात बाहेरचा थर एका जातीचा आणि आतले थर दुसऱ्या जातीचे, आणि पुस्तिका सांगते की सगळ्या थरांची कड एकत्र घोटा. मी पहिले ४०० आणि मग ८०० नंबरचा पॉलिशपेपर फिरवला, पाणी लावले, घोटणीने मनगट दुखेपर्यंत घासले, मेण लावून कापडाने पुन्हा घासले. बाहेरचा थर काचेसारखा झाला आणि त्याला चिकटून असलेला आतला थर लोकरीसारखा फुललेला राहिला. कडेवरून बोट फिरवले तर दोन थर डोळे मिटूनही वेगळे ओळखू येत. अशा मिश्र कडेसाठी कडेचा रंग, म्हणजे घट्ट लेपासारखा असतो तो, वापरावा लागतो, आणि तो संचात नाही. मी विक्रेत्याला हे लिहिले तेव्हा ‘दोन्ही चामडी खरीच आहेत’ असे उत्तर आले. ते खरे आहे, पण माझ्या प्रश्नाचे ते उत्तर नव्हते.

दुसरी मोठी उणीव पुस्तिकेतली आहे, आणि तिने मला एक तुकडा गमावायला लावला. तुकडे एकावर एक ठेवल्यावर आतले अस्तर बाहेरच्या तुकड्यापेक्षा चार मिलिमीटरने आखूड भरले. पुस्तिकेत याविषयी एक शब्द नाही. उलट ‘कडा जुळत नसल्यास जादा भाग कापून टाकावा’ असे वाक्य आहे. मी तो कापण्यातला दोष समजले आणि बाहेरचा तुकडा अस्तराच्या मापाचा केला. चिकटवून पाकीट मिटले तर ते मिटेना. अर्धवट उघड्या पुस्तकासारखे उभे राही आणि आतले चामडे घडीत चुरगळे. नंतर कागदावर हिशेब केला तेव्हा कळले की ते चार मिलिमीटर अगदी विचारपूर्वक ठेवलेले होते. पाकीट मिटताना बाहेरचा थर मोठ्या वळणावरून जातो आणि आतला लहान वळणावरून. १.२ आणि १ मिलिमीटर जाडीच्या दोन थरांच्या मध्यांमध्ये १.१ मिलिमीटरचे अंतर पडते. पूर्ण घडीत तेवढ्या अंतराला पायने गुणले की साधारण साडेतीन मिलिमीटरचा फरक येतो. म्हणजे माप काढणाऱ्या माणसाने आपले काम चोख केले होते, आणि पुस्तिका लिहिणाऱ्याने ते वाया घालवले. विक्रेत्याने बाहेरचा नवा तुकडा विनामूल्य पाठवला, नऊ दिवसांत आला, याबद्दल त्यांचे आभार मानायलाच हवेत. जो कोणी असा संच घेईल त्याने एवढे लक्षात ठेवावे: आतला भाग आखूड असलाच पाहिजे, आणि घडीच्या दोन-अडीच सेंटिमीटर पट्ट्यात चिकटवायचे नाही आणि शिवायचेही नाही.

कप्प्यांची मापे चांगली आहेत. बँकेची कार्डे जगभर एकाच मापाची असतात, ८५.६० बाय ५३.९८ मिलिमीटर, जाडी ०.७६; आयएसओ ७८१० या मानकाने ती ठरवली आहेत, त्यामुळे कप्प्याचे माप चुकायला निमित्तच नको. इथे शिवणीच्या आत ९० मिलिमीटर रुंदी मिळते. सुरुवातीला कार्ड जरा ओढून काढावे लागले, आठवड्याभरात चामड्याने आकार धरला. मधल्या कप्प्यांचे तुकडे इंग्रजी टी अक्षराच्या आकाराचे कापले आहेत, म्हणजे कडेच्या शिवणीत प्रत्येक कप्प्याचा पूर्ण थर येत नाही आणि पाकीट फुगत नाही. स्वस्तातल्या साच्यांमध्ये ही काळजी घेतलेली मी पाहिलेली नाही.

छिन्न्या ठीक आहेत, उत्तम नाहीत. दात्यांमधले अंतर ३.८५ मिलिमीटर आहे. हा विचित्र आकडा जुन्या फ्रेंच इंचातून आला आहे; तो इंच २७ मिलिमीटरहून किंचित मोठा होता, त्याचे सात भाग केले की साधारण एवढेच अंतर येते, आणि म्हणून कारागीर या मापाला सात नंबर म्हणतात. ०.५५ च्या दोऱ्याला ते शोभते. पण दात्यांच्या बाजू खरखरीत होत्या. पहिल्याच ओळीत छिन्नी चामड्यात रुतून बसली आणि ओढून काढताना भोके ताणली गेली. चामड्याच्या कातरणीवर धातू चमकवण्याची पेस्ट लावून मी प्रत्येक दाता पंधरा-वीस मिनिटे घासला, आणि ठोकण्याआधी दाते मेणाच्या वडीत एकदा टोचून घ्यायची सवय लावली. त्यानंतर छिन्नी लोण्यातून निघावी तशी निघू लागली. एवढे काम कारखान्यातच व्हायला हवे होते. तरी ज्याला ते करायची तयारी आहे त्याला या छिन्न्या पुष्कळ वर्षे पुरतील, कारण पोलाद चांगले आहे, दाता वाकत नाही. ठोकण्याआधी कर्कटकाने कडेपासून तीन मिलिमीटरवर रेघ आखून घ्यावी, आणि चार दात्यांची छिन्नी पुढे सरकवताना तिचा पहिला दाता आधीच्या शेवटच्या भोकात ठेवावा, म्हणजे अंतर सारखे राहते. कोपऱ्याच्या वळणावर दोन दात्यांची घ्यावी.

शिवण्यातच मला सर्वाधिक आनंद झाला. एका दोऱ्याच्या दोन टोकांना दोन सुया, आणि प्रत्येक भोकातून दोन्ही सुया विरुद्ध दिशांनी जातात. माझ्या पाकिटाच्या बाहेरच्या शिवणीत ९६ भोके होती, म्हणजे १९२ वेळा सुई भोकातून आरपार नेणे. दोरा शिवणीच्या चौपट घ्यावा लागतो. पुस्तिकेत तिप्पट लिहिले आहे आणि तेवढ्यात शेवटचे टाके उलटे घालून शिवण बंद करायला दोरा उरत नाही. सुया बोथट आहेत याचे कारण शिवायला लागल्यावर उमगते. भोक छिन्नीने पाडलेलेच असते, सुईला काही भोसकायचे नसते. टोकदार सुई असती तर दुसरी सुई घालताना भोकातल्या पहिल्या दोऱ्यालाच भेदून गेली असती. बोथट सुईनेही माझ्याकडून दोनदा तसे झाले. मग तो टाका ओढून घट्ट होत नाही आणि सोडवताही येत नाही, दोरा कापावा लागतो. दुसरी सुई भोकात जात असताना पहिला दोरा किंचित मागे ओढून बाजूला धरला की हे टळते.

आईने आयुष्यभर घरचे कपडे शिवले आहेत, चामड्याला तिने कधी हात लावलेला नाही. अर्धी शिवण झाल्यावर तिने पाकीट माझ्या हातातून घेतले, पुढची बाजू पाहिली, उलटवून मागची पाहिली, आणि खिडकीशी जाऊन परत पाहिली.

“इथपर्यंत टाके एकीकडे कललेत, आणि इथून पुढे सरळ झालेत,” ती म्हणाली. “तू मध्येच हात बदललास का गं?”

हात बदलला नव्हता, पण पहिल्या दिवशी मी डावीकडची सुई आधी घालत होते आणि दुसऱ्या दिवशी उजवीकडची. दोन सुयांच्या टाक्यात कोणती सुई आधी जाते आणि दुसरा दोरा पहिल्याच्या वरून जातो की खालून, यावर टाक्याचा कल ठरतो; क्रम कोणताही असो, तो शेवटपर्यंत एकच हवा. पुस्तिकेतल्या चित्रात दोन सुया दाखवल्या आहेत, क्रम दाखवलेला नाही. आईला तो नियम माहीत नव्हता, तिने फक्त दोऱ्याकडे पाहिले होते. मी अठ्ठावीस टाके उसवले आणि पुन्हा घातले.

गोंदाबद्दल एवढेच की तो दोन्ही बाजूंना पातळ लावून, बोटाला चिकट लागेपर्यंत सुकू देऊन मगच दाबायचा असतो. ओला असताना दाबला तर थर सरकतात आणि गोंद कडेतून बाहेर येतो. गुळगुळीत बाजूवर त्याचा थेंब पडला तर तिथे पुढे तेल किंवा मेण मुरत नाही आणि डाग कायमचा राहतो. माझ्या पाकिटाच्या मागे असा मसुराएवढा एक डाग आहे. पाण्याचा गोंद असल्यामुळे वास त्रासदायक नाही, आणि घरात काम करणाऱ्यासाठी ही मोठी सोय आहे. दोऱ्याचे टोक वितळवून बंद करताना ज्योत दुरूनच दाखवावी. पॉलिएस्टर क्षणात वितळते, तेवढे पुरते.

सहा महिन्यांनंतर शिवणीचा एकही टाका हललेला नाही. ज्या घडीजवळ जुने पाकीट सुटले होते तिथले टाके मी अधूनमधून भिंगाखाली पाहते. दोऱ्यावरचे मेण झिजले आहे, दोरा शाबूत आहे. आणि एक तुटला तरी त्याच भोकातून दुसरा दोरा उलट्या बाजूने गेलेला आहे, त्यामुळे शिवण उघडणार नाही. आतले क्रोमचे कप्पे मऊ राहिले आहेत, फाटलेले नाहीत. कड मात्र जिथे फुललेली होती तिथे आता मळून काळपट झाली आहे.

पहिल्यांदाच पाकीट शिवणाऱ्याला मी हा संच घ्यायला सांगेन, सोबत कडेचा रंग आणि नायलॉनची हातोडी घेऊन. ज्याच्याकडे छिन्न्या आधीच आहेत त्याने मात्र हा संच न घेता त्या खर्चात चांगले चामडे घ्यावे. मागवण्याआधी विक्रेत्याला दोनच प्रश्न विचारावेत: आतले तुकडे कोणत्या रीतीने कमावलेले आहेत, आणि भोके पाडलेली आहेत की नाहीत. पहिल्याचे स्पष्ट उत्तर मिळाले नाही तर आतले चामडे क्रोमचे आहे असे धरून चालावे.

दुसरे पाकीट आईने मागितले म्हणून केले. त्यासाठी एकाच चामड्याचे, वनस्पतींनी कमावलेले, बाहेरचे १.२ आणि आतले ०.८ मिलिमीटरचे तुकडे वेगळे घेतले, मापे याच संचातली वापरली आणि अस्तर तीन मिलिमीटर आखूड ठेवले. कड त्याच घोटणीने, त्याच मेणाने घासली. आईने पाकीट घेतले, आधी उलटवून मागचे टाके तपासले, मग कडेवरून अंगठा फिरवला आणि विचारले, “यात अस्तर घातलंयस ना?”